वित्तखात्याच्या तीन सावल्या

पंतप्रधानांना आपलं मंत्रिमंडळ जमवायला तीन आठवडे लागले, आणि त्यातही दोघं जण रुसून गावी निघून गेले. ही बातमी रेडिओवर लागली तेव्हा विरोधी पक्षनेते लेबेको मोरेके राजधानी मासेरूतल्या आपल्या घराच्या पडवीत चहा पीत होते. त्यांनी कप खाली ठेवला, मिशीवरून बोट फिरवलं आणि बायकोला सांगितलं, "माझं छाया मंत्रिमंडळ एका सकाळीत तयार होईल. येत्या सोमवारी. आणि एकही माणूस रुसणार नाही. लिहून ठेव."

म्मे माम्फो (आमच्याकडे बाईला मानाने म्मे म्हणतात आणि पुरुषाला न्ताते) भाजी निवडत होत्या. त्यांनी काही लिहून ठेवलं नाही. "बरं," एवढंच म्हणाल्या.

मोरेकेंची ही अगदीच पोकळ फुशारकी नव्हती. राजकारणात येण्याआधी ते माफेतेंगच्या शाळेत वर्षानुवर्षं हेडमास्तर होते. दर वर्षी मॉनिटर कोण, घंटा कोण वाजवणार, फळा कोण पुसणार, खडू कोण मोजणार हे तेच ठरवायचे आणि एका पोराचंही तोंड वाकडं व्हायचं नाही. युक्ती साधी होती. पोराला एकट्याला खोलीत बोलवायचं, खांद्यावर हात ठेवायचा आणि अगदी हळू आवाजात सांगायचं, "हे काम तुझ्याशिवाय कुणाला जमणार नाही." खडू मोजणारं पोर असं काही छाती काढून बाहेर पडायचं, की जणू देशाचा सगळा खजिना त्याच्याच खिशात आहे. मोरेकेंचा हिशोब असा, की खासदार म्हणजे मोठी झालेली पोरंच. फक्त दाढी येते आणि पाठांतर जातं.

त्यांच्या पक्षाची निशाणी होती खोगीर. निवडणुकीत ही निशाणी फार उपयोगी पडली, कारण डोंगरातल्या घराघरात एक तरी खोगीर असतंच. पण निवडणूक झाल्यावर ती सरकारपक्षालाही उपयोगी पडली. मोरेके छाया मंत्रिमंडळ नेमणार असं कळताच समोरच्या बाकांवरून कुणीतरी 'खोगीरभरती' असा शब्द काढला, आणि तो शब्द जो चिकटला तो चिकटलाच.

आता छायामंत्री म्हणजे काम तसं सोपं. सरकारचा मंत्री बोलून बसला की याने उठायचं आणि तो कसा चुकला ते सांगायचं. त्याबद्दल गाडी नाही, बंगला नाही, शिपाई नाही, शिपायाची छायासुद्धा नाही. मिळतं काय, तर नावाआधी एक उपाधी आणि रेडिओवाल्यांचा फोन. पण उपाधीसाठी माणूस काय करेल याचा नेम नाही. आणि सगळ्या खात्यांत वित्तखातं म्हणजे वरातीतला नवरदेव. बाकीचे सगळे त्याच्या मागून चालणारे.

मोरेकेंना एकच काळजी होती. नियमाप्रमाणे ठरावीक संख्या पाठीशी असेल तरच 'अधिकृत विरोधी पक्षनेता' म्हणवून घेता येतं, आणि खोगीर पक्ष त्या रेषेच्या वर जेमतेम एका माणसाने होता. एक गेला तर निभावलं असतं. दुसरा गेला, की गाडी, दालन आणि दालनाच्या दारावरची पितळी पाटी, सगळं गेलं. ती पाटी मोरेके कुणी बघत नसताना स्वतःच्या रुमालाने पुसत. आणि आमच्या देशात तर खासदार बाक बदलतात ते मेंढरं कुरण बदलतात तितक्या सहज. त्यामुळे कुणी रुसून चालणार नव्हतं.

नेमक्या त्याच आठवड्यात दोन गोष्टी घडल्या. मोरेकेंच्या मात्सेपो आत्या वारल्या, आणि मोरेकेंची दाढ सुजली.

आत्यांचं वय झालं होतं, तरी बातमी मोरेकेंना फार लागली. आईमागे त्यांना आत्यांनीच वाढवलं होतं. लहानपणी ते शाळा चुकवायचे, तेव्हा आत्या काठी घेऊन मागे धावायच्या, मानेला धरून वर्गात ढकलायच्या आणि शाळा सुटेपर्यंत खिडकीबाहेर पहारा देत उभ्या राहायच्या. पुढे त्याच शाळेत ते हेडमास्तर झाले, तर पहिल्या दिवशी आत्या पुन्हा येऊन खिडकीबाहेर उभ्या. पळून जातोय का ते बघायला. शनिवारी दफनाच्या वेळी ही गोष्ट सगळ्यांना सांगायची असं त्यांनी ठरवलं होतं. किती वेळा मनातल्या मनात घोळवली होती.

पण दाढेने ऐकलं नाही. शुक्रवारी संध्याकाळी गाल कणकेच्या गोळ्यासारखा फुगला आणि शेवटी दाढ उपटावी लागली. डॉक्टरांनी जखमेत कापूस दाबून बसवला आणि बजावलं, की उद्या-परवा दोन दिवस तोंड उघडायचं नाही. बोलायचं तर मुळीच नाही.

"दफन आहे," मोरेके म्हणाले, म्हणजे म्हणायला गेले. बाहेर पडलं ते वेगळंच काहीतरी.

"मग रडा," डॉक्टर म्हणाले. "त्याला तोंड उघडावं लागत नाही."

शनिवारी आत्यांच्या गावात सकाळपासून माणसांची रीघ लागली. माळावर मोठा तंबू, मागे चुलींवर मांसाचे आणि मक्याच्या घट्ट लापशीचे हंडे, आणि ऊन असं, की खांद्यावरच्या ब्लँकेटातून वाफ निघावी. तरी ते मानाचं ब्लँकेट कुणी काढलं नाही. मोठ्या माणसाच्या घरचं दफन होतं. खोगीर पक्षाचे सगळे खासदार आले होते, सरकारपक्षातलेही बरेच आले होते. स्वतः वित्तमंत्री न्ताते फाको मागच्या रांगेत गुपचूप बसले होते. अलीकडे ते कुठेही गेले तरी मागच्याच रांगेत बसत.

मोरेके घरच्या माणसांत पहिल्या खुर्चीवर बसले. त्यांच्या उजव्या कानाला जवळजवळ चिकटून एक भलामोठा भोंगा होता आणि भोंग्याच्या पलीकडे चर्चची गाणारी मंडळी होती. ही मंडळी गाऊ लागली की मोरेकेंना आपल्या डोक्यातले विचारसुद्धा ऐकू येत नव्हते.

अशात सांत्वनाला पक्षाचा एकेक खासदार येऊ लागला.

पहिल्या आल्या म्मे मालिनेओ. यांचं माफेतेंगमध्ये घाऊक किराण्याचं मोठं दुकान. बाईंचा आवाज एरवी रस्त्यापलीकडे जायचा, पण दफनात त्या कुजबुजल्या. त्या वाकल्या, मोरेकेंचा हात धरला आणि कानात काहीतरी बोलल्या. मोरेकेंना एवढंच ऐकू आलं, "न्ताते... आत्या... हालेलुया... फक्त मीच... हालेलुया." त्यांना वाटलं, बाई आत्यांच्या आठवणी काढतायत. त्यांनी मान डोलावली. तेवढ्यात दाढेच्या जखमेतून कळ आली, म्हणून त्यांनी बाईंचे दोन्ही हात घट्ट दाबले. डोळ्यांत पाणी आलं. बाईंच्याही आलं. त्या अगदी भारावून जागेवर गेल्या.

मग आले न्ताते मोत्लात्सी. हे तरुण वकील, बूट इतके टोकदार की त्यांच्या पुढे कुणी उभं राहत नसे. त्यांनीही कान गाठला. मोरेकेंनी मान डोलावली, हात दाबला, डोळे पुसले. मग आले न्ताते मोजाकी. यांचा व्यवसायच अंत्यविधीचा. तंबू त्यांचा, शवपेटी त्यांची, भोंगासुद्धा त्यांचाच. त्यांनाही तेच मिळालं: मान, हात, पाणी.

शेवटी आले म्हातारे न्ताते रामाइली, थेट मोखोत्लोंगच्या डोंगरांतून. पक्षातला सगळ्यांत जुना माणूस. ते सगळ्यांत जास्त वेळ बोलले. बोलता बोलता त्यांनी टोपी काढून हातात धरली. मोरेकेंना अक्षरही कळलं नाही, पण म्हाताऱ्याची माया बघून त्यांना राहवलं नाही. ते खुर्चीतून उठले आणि त्यांनी रामाइलींना छातीशी धरलं, पाठ थोपटली. बघणाऱ्या बायकांनी पदर डोळ्यांना लावावेत तसे ब्लँकेटचे कोपरे लावले.

असा सगळा कार्यक्रम फार गोड चालला होता.

मग भाषणं सुरू झाली. सूत्रं गावच्या एका मास्तरांकडे होती. शेजाऱ्यांतर्फे कुणी बोललं, चर्चतर्फे कुणी बोललं, आणि मास्तरांनी माईक पुसून सांगितलं, "आता दोन शब्द बोलतील आपल्या देशाचे नवे छाया वित्तमंत्री."

मोरेकेंनी मान वर केली. त्यांनी अजून कुणालाच छाया वित्तमंत्री केलं नव्हतं.

तंबूत तीन माणसं उभी राहिली.

म्मे मालिनेओ उठल्या, ब्लँकेट सावरून. न्ताते मोत्लात्सी उठले, टाय सावरून. आणि माईकशेजारीच असलेले न्ताते मोजाकी तर दोन पावलं पुढेही आले, कारण मास्तरांच्या कानात ही गोष्ट त्यांनीच घातली होती. तिघांनी एकमेकांकडे पाहिलं. प्रत्येकाच्या चेहऱ्यावर असं सौजन्य होतं, जणू बाकीचे दोघं बिचारे चुकून उठले असावेत.

"बसा, बसा, मला बोलावलंय," म्मे मालिनेओ म्हणाल्या.

"म्मे, तुम्हाला कसं बोलावतील? मला न्ताते मोरेकेंनी आत्ता तासाभरापूर्वी शब्द दिलाय," मोत्लात्सी म्हणाले. "हात हातात घेऊन."

"मला रडत रडत दिलाय," मोजाकी म्हणाले, आणि माईक त्यांच्या हातात असल्यामुळे ते पलीकडच्या गावालाही कळलं.

पुढचा प्रकार सांगायला थोडी लाज वाटते, कारण आत्या अजून तिथेच होत्या. तिघं एकाच माईकवर बोलू लागले. सुरुवात तिघांनीही रीतसर आत्यांपासून केली. म्मे मालिनेओ म्हणाल्या, आत्यांनी जन्मात कधी उधारी ठेवली नाही, आणि हे सरकार मात्र शेजारच्या देशाकडून किती उचल घेतंय बघा. मोत्लात्सी म्हणाले, आत्या कशा शिस्तीच्या होत्या, आणि करवसुलीत मात्र शिस्त कुठे आहे. मोजाकींनी आत्यांची पेटी किती उत्तम लाकडाची आहे ते सांगून थेट लाकडावरच्या जकातीला हात घातला. हंडे ढवळणाऱ्या बायकांनी पळ्या खाली ठेवल्या. पोरंटोरं पुढे येऊन बसली. इतकं रंगलेलं दफन त्या गावात कुणी पाहिलं नव्हतं.

मोरेकेंच्या आता ध्यानात आलं, की तिघांनीही कानात वित्तखातं मागितलं होतं आणि आपण मान डोलावली होती. त्यांनी एक बोट वर केलं. म्हणायचं होतं, एक मिनिट थांबा.

"बघा, पहिली मी," म्मे मालिनेओ म्हणाल्या.

"बोट माझ्याकडे आहे," मोत्लात्सी म्हणाले.

"ते म्हणतायत वर आत्या बघतायत, गप्प बसा," मोजाकी म्हणाले.

मोरेकेंना राहवेना. डॉक्टरांचं बोलणं बाजूला ठेवून ते उठले आणि त्यांनी तोंड उघडलं. शब्द आला नाही. लालभडक झालेला कापसाचा बोळा आला. तो टपकन पांढऱ्या शर्टावर पडला आणि मागोमाग रक्ताची एक बारीक धार. एका म्हातारीने किंकाळी फोडली. गाणाऱ्या मंडळींना काय करावं ते कळेना, म्हणून त्यांनी जमेल तेवढ्या मोठ्याने स्तोत्र सुरू केलं. आणि त्या स्तोत्राच्या गोंगाटात, कुणी एक शब्दही धड न बोलता, आत्यांना मातीत ठेवलं गेलं. मोरेके खड्ड्याच्या काठाशी रुमाल तोंडाला धरून उभे होते. खिडकीची गोष्ट त्यांच्या पोटातच राहिली. त्या दिवशी त्यांच्या डोळ्यांतून जे पाणी आलं, त्यातलं हे तेवढं दाढेचं नव्हतं.

संध्याकाळपर्यंत रेडिओने सांगितलं, की माफेतेंगजवळ एका दफनविधीत विरोधी पक्षात हाणामारी झाली असून पक्षनेते रक्तबंबाळ झाले आहेत. रविवारी सकाळी दुसऱ्या रेडिओने त्यांना इस्पितळात दाखल केलं. दुपारी पंतप्रधानांकडून फुलांचा गुच्छ आला, सोबत प्रकृतीला आराम पडावा म्हणून शुभेच्छा. म्मे माम्फोंनी गुच्छ बादलीत ठेवला आणि विचारलं, "किती जण रुसलेत?"

मोरेकेंना बोलायची बंदी होती हे बरंच झालं.

सोमवारी ते विधिमंडळात गेले ते एवढ्या आशेने, की निदान न्ताते रामाइली तरी आपल्यासारखे शहाणे आहेत. त्यांना मधे घालून तिघांची समजूत काढू. पण रामाइलींची जागा रिकामी. मोरेकेंनी इकडे तिकडे पाहिलं. रामाइली समोर होते. सरकारी बाकावर, अगदी टेकून बसलेले, आणि मोरेकेंकडे बघून ते मायेने हसले.

मधल्या सुट्टीत मोरेकेंनी त्यांना जिन्याजवळ गाठलं.

"न्ताते रामाइली, हे काय केलंत?"

"काय केलं म्हणजे?" म्हातारा गोंधळला. "तुम्हाला विचारूनच केलं. दफनाच्या दिवशी. मी म्हटलं, न्ताते, माझ्या गावाला रस्ता हवाय, पंतप्रधान देतो म्हणतायत, पण तुमचा आशीर्वाद असल्याशिवाय मी हलणार नाही. तुम्ही उठून मला मिठी मारलीत. मी घरी जाऊन बायकोला सांगितलं, असा नेता होणे नाही."

म्हाताऱ्याच्या चेहऱ्यावर लबाडीची एक सुरकुती नव्हती. रागवायचं तरी कुणावर?

म्हणजे एक गेला होता. आता आणखी एक जण गेला, की पाटी गेली.

त्याच दुपारी त्यांनी तिघा उमेदवारांना घरी बोलावलं. मुळात बोलवायचं होतं एकेकट्याला, पण तिघंही एकदमच आले, कारण दुसरा आधी पोचेल याची प्रत्येकाला भीती होती. म्मे माम्फोंनी चहा ठेवला. मोरेकेंनी आपली जुनी युक्ती काढली. त्यांनी म्मे मालिनेओंच्या खांद्यावर हात ठेवला आणि हळू आवाजात सांगितलं, की व्यापारखातं तुमच्याशिवाय कुणाला जमणार नाही.

"न्ताते, मी दुकानातल्या पोरांना असंच सांगते," त्या म्हणाल्या. "गोण्या उचलायच्या असल्या की."

युक्ती तिथेच मेली. मग मोरेकेंनी वित्तखात्याचे तीन तुकडे पाडून पाहिले. एकाने जमा बघावी, एकाने खर्च बघावा, एकाने कर्ज बघावं. तिघांनाही जमा हवी होती. मोत्लात्सींनी सांगितलं, की दिलेल्या शब्दाबद्दल कोर्टात काय काय करता येतं ते त्यांना पाठ आहे. मोजाकी म्हणाले, माझ्या गावात सत्काराचा बैल कापून झालाय, आता तो परत उभा राहणार आहे का? म्मे मालिनेओंनी कुणाला धमकी दिली नाही. त्या फक्त म्हणाल्या, सरकारी बाकांवर गाद्या नव्या घातल्यात म्हणे. हे ऐकून मोरेकेंच्या दाढेच्या रिकाम्या जागेत पुन्हा ठणका लागला.

"एवढं काय आहे त्या वित्तात?" म्मे माम्फोंनी कप ठेवता ठेवता विचारलं. "तिजोरी त्यांच्याकडे. तीही रिकामी. त्या रिकाम्या तिजोरीची तुम्हाला नुसती सावली मिळणार, आणि तीसुद्धा तिघांत."

यावर तिघांनी एकमताने सांगितलं, की राजकारण बायकांना कळत नाही. म्मे मालिनेओंचंही तेच मत पडलं.

इतक्यात दारात विधिमंडळाची गाडी थांबली. दोन शिपाई एक लाकडी खोकं दोन्ही बाजूंनी धरून, कण्हत कण्हत आत घेऊन आले. अर्थसंकल्प पुढच्या आठवड्यात होता, आणि नियमाप्रमाणे त्याआधी छाया वित्तमंत्र्यांना कागदपत्रं पोचवायची होती. मंत्र्यांचं भाषण संपलं, की छाया वित्तमंत्र्यांनी तिथल्या तिथे उठून उत्तर द्यायचं. आकडेवारीसकट. रेडिओवर थेट, देशभर.

"सही कुणाची?" शिपायाने विचारलं. "छाया वित्तमंत्री कोण?"

तिघांचेही हात पुढे आले होते. तेवढ्यात दुसऱ्या शिपायाने झाकण उघडलं.

आत पुस्तकं होती. एकेक पुस्तक विटेएवढं जाड. मोत्लात्सींनी वरचं उघडलं. डावीकडून उजवीकडे आकडे, वरून खाली आकडे, खाली बारीक अक्षरात तळटीप, आणि तळटिपेतही आकडे. त्यांनी पान उलटलं. तिथेही तेच. म्मे मालिनेओंनी मधलं एक काढलं, जागच्या जागी ठेवलं आणि बोटं ब्लँकेटला पुसली. मोजाकींनी पुस्तकांना हात लावला नाही. त्यांनी नुसता खोक्याचा अंदाज घेतला, पेटीचा घेतात तसा.

तिघांपैकी एकाचाही हात आता सहीसाठी पुढे नव्हता.

"खरं सांगायचं तर," मोत्लात्सी म्हणाले, "पुढच्या आठवड्यात माझी एक फार नाजूक केस आहे. आणि मी वकील. मी जर न्यायखातं नाही घेतलं तर लोक म्हणतील, याच्या वकिलीत काहीतरी खोट आहे."

म्मे मालिनेओंना आठवलं, की दुकानातला माल मोजायचाय. शिवाय व्यापारखातं खरोखरच त्यांच्याशिवाय कुणाला जमण्यासारखं नव्हतं. मोजाकी म्हणाले, या हंगामात माणसं फार मरतात, उसंत नसते. पण आरोग्यखात्यासाठी मात्र आपण वेळ काढू. मोरेकेंनी त्यांच्याकडे जरा बघितलं, पण ती वेळ खुसपटं काढायची नव्हती. त्यांनी तिघांशीही हात मिळवले, या खेपेला तोंडाने स्पष्ट बोलून. कुणी रुसलं नाही. उलट तिघं इतक्या लगबगीने निघाले, की मोत्लात्सींची छत्री पडवीतच राहिली. उरलेली खाती वाटायला तेवढा सोमवार पुरला. सकाळ तेवढी सोडली, तर मोरेकेंचा बोल खरा झाला.

"आणि वित्त?" म्मे माम्फोंनी विचारलं.

शिपाई अजून सहीसाठी उभा होता.

सही मोरेकेंनी केली. करणार काय? पुढचे आठ दिवस ते पडवीत ती पुस्तकं मांडून बसले. आयुष्यभर त्यांनी भूगोल शिकवला होता. एका पुस्तकात देशाचा नकाशा निघाला, त्या पानावर ते फार वेळ रमले. बाकी पानांवर त्यांना एवढंच कळलं, की आकडे पुष्कळ आहेत आणि त्यांतले बरेचसे कंसात आहेत. कंसातले आकडे म्हणजे नसलेले पैसे, हे त्यांना म्मे मालिनेओंनी फोनवर समजावलं. म्मे माम्फो येता-जाता बघत. एकदा त्यांनी फक्त एवढंच म्हटलं, की शाळेत एखाद्या पोराने न समजता पाठ केलं तर तुम्ही काय करायचात? मोरेके म्हणाले, उभं करायचो. आणि पुन्हा पाठ करायला लागले.

अर्थसंकल्पाच्या दिवशी सभागृह खच्चून भरलं. गॅलरीत माणसं, दारात माणसं, रेडिओचे माईक सगळीकडे. खोगीर पक्षाच्या पहिल्या बाकावर मोरेके बसले होते आणि त्यांच्या मांडीवरचे टिपणाचे कागद हळूहळू ओले होत होते. त्यांच्या मागे छाया व्यापार, छाया न्याय आणि छाया आरोग्य अगदी आरामात बसले होते.

अध्यक्षबाईंनी वित्तमंत्र्यांचं नाव पुकारलं. न्ताते फाको उठले. त्यांच्या हातात फुगलेली चामडी बॅग होती. ते भाषणाच्या टेबलाशी आले, कागदांचा एक गठ्ठा टेबलावर ठेवला, पंतप्रधानांकडे बघून अदबीने वाकले. आणि मग बॅग घेऊन, कार्पेटवरून तसेच सरळ चालत, मधली मोकळी जागा ओलांडून, ते विरोधी बाकांकडे आले आणि मोरेकेंच्या शेजारी बसले.

क्षणभर कुणाला काही कळलं नाही. मग गॅलरीत एकच कल्लोळ झाला. बायकांनी जिभेने ती लांबलचक किलकारी सुरू केली, लग्नात करतात ती. खोगीर पक्ष उभा राहून बाकं बडवू लागला. अर्थसंकल्पाच्या दिवशी खुद्द वित्तमंत्री फुटून आला होता. असं या देशात झालं नव्हतं, आणि या देशात बरंच काही झालेलं आहे. पंतप्रधानांचा चेहरा उकडलेल्या बीटासारखा झाला होता. मोरेकेंची संख्या तर भरून आलीच, पण त्याहून मोठी गोष्ट अशी, की त्यांच्या छातीवरचा तो विटांचा ढीग कुणीतरी उचलल्यासारखं त्यांना वाटलं. देवाने माणूस पाठवला होता, आणि तोही नेमका या विषयातला.

त्यांनी फाकोंचा हात हातात घेतला, टिपणाचे ओले कागद त्यांच्या पुढ्यात सरकवले आणि भरल्या आवाजात म्हणाले, "न्ताते फाको, स्वागत आहे. छाया वित्तखातं आजपासून तुमचं. आत्तापासूनच. उत्तर तुम्हीच द्या."

फाकोंनी कागद दोन बोटांनी परत सरकवले.

"वित्त सोडून काहीही द्या, न्ताते."

"अहो, पण मागच्या सरकारातही तुम्हीच चार वर्षं ते खातं सांभाळलंत."

"म्हणूनच तर."

टेबलावरचं भाषण आता पंतप्रधानांनाच वाचावं लागत होतं. ते वाचू लागले. रस्ते बांधू म्हणाले, दवाखाने बांधू म्हणाले, धरणाची भिंत वाढवू म्हणाले. त्यांच्या आवाजाला हळूहळू धार आली. फाको मन लावून ऐकत होते. मग ते मोरेकेंकडे झुकले आणि हलकेच म्हणाले, "शेवटची सहा पानं नाहीयेत."

"हरवली?"

"लिहिलीच नाहीत. पैसे कुठून आणायचे ते त्यांत येणार होतं. महिनाभर विचार केला, सुचलं नाही. मग म्हटलं, तुमच्याकडे यावं."

त्यांनी मांडीवरची चामडी बॅग उघडली. मोरेकेंना वाटलं, निदान काही आकडे तरी निघतील. बॅगेत वर्तमानपत्रात गुंडाळलेले माकोएन्या होते, घरी तळलेले पिठाचे गोळे, गुबगुबीत, अजून कोमट. तेलकट वास बाकभर पसरला. मागून छाया व्यापारमंत्र्यांचा हात आला आणि एक घेऊन गेला.

"घ्या," फाको म्हणाले. "सकाळपासून पोटात काही नसेल तुमच्या. या दिवशी माझ्याही नसायचं."

मोरेकेंनी एक घेतला. समोर पंतप्रधानांनी पान उलटलं. पाठची बाजू पाहिली. टेबलाखाली पाहिलं. मग घसा साफ करून 'वगैरे वगैरे' म्हणाले आणि खाली बसले.

"खेळखातं मोकळं आहे का हो?" फाको विचारत होते. "मी शाळेत असताना उंच उडी मारायचो."

अध्यक्षबाईंनी चष्मा सारखा केला आणि छाया वित्तमंत्र्यांना उत्तरासाठी पाचारण केलं. सगळे माईक विरोधी बाकाकडे वळले. लेबेको मोरेकेंनी तोंडातला घास घाईघाईने गिळला, बोटं कोटाच्या आतल्या बाजूला पुसली आणि ते देशाच्या अर्थव्यवस्थेवर बोलायला उभे राहिले.